बोल्डरच्या फुटबॉल कारभाऱ्यांना खुलं पत्र: चार डिसेंबरनंतर परत तेच करणार आहात का?

प्रति,
ऍथलेटिक डायरेक्टर रिक जॉर्ज साहेब आणि बोर्ड ऑफ रीजंट्सची (युनिव्हर्सिटीच्या नियामक मंडळाची) सगळी मंडळी,
युनिव्हर्सिटी ऑफ कोलोराडो, बोल्डर

नमस्कार.

चार डिसेंबर २०२३ ला ट्रान्सफर पोर्टल, म्हणजे कॉलेज बदलायला निघालेल्या खेळाडूंची यादी, उघडतंय. म्हणजे आता परत सगळं सुरू होणार, कोण चाललं, कोण आलं, कुणाला आत बोलवून 'तुझं इथं काही खरं नाही' म्हणून सांगितलं. ते सुरू व्हायच्या आधी हे लिहून टाकतोय, कारण एकदा पोरं गेली की मग कितीही बोललं तरी काय उपयोग नसतो, हे मागच्या एप्रिलमध्ये सगळ्यांनी बघितलंय.

इंग्रजीतलं एक पत्र तुमच्या ऑफिसला वेगळं पाठवलंय, छोटं आणि एकदम सभ्य. हे मराठीतलं उघड्यावर ठेवतोय कारण डेन्व्हर, ऑरोरा, फोर्ट कॉलिन्सकडची आपली बरीच माणसं या सीझनला पहिल्यांदाच हा खेळ, म्हणजे अमेरिकन फुटबॉल, बघायला लागली, आणि तिकडं गावाकडचे लोकही सप्टेंबरभर 'तुमच्या त्या चष्मेवाल्या कोचचं', म्हणजे डिऑन सँडर्सचं, 'काय झालं' म्हणून विचारत होते. त्यांना पण कळू दे काय झालं ते.

मी मूळचा कोल्हापूरचा. फुटबॉल म्हणजे पायानं खेळायचा, शाहू स्टेडियमवर, आणि तुम्ही कुठल्या पेठेचे यावर तुमची टीम ठरलेली, एवढंच मला माहिती होतं. बोल्डरला मास्टर्स करायला आलो आणि स्टुडंट सेक्शनमध्ये उभं राहून राहून हा दुसरा फुटबॉल शिकलो. मॅचच्या आधी राल्फी नावाची खरीखुरी जिवंत म्हैस, म्हणजे बायसन, मैदानात सोडतात आणि पाचजण तिच्या मागं दोर धरून धावतात, हे पहिल्यांदा बघितल्यावर मला वाटलं हे गाव आपलं आहे. नोकरी इथंच डेन्व्हरच्या बाजूला लागली, फॉलसम फील्डवर, म्हणजे युनिव्हर्सिटीच्या स्टेडियमवर, जाणं सुटलं नाही. टीम भिकार खेळत असताना पण गेलो. २०२२ ला बारापैकी अकरा मॅच हरलो, एकच जिंकली ती कॅलिफोर्नियाविरुद्ध, तीसुद्धा ओव्हरटाइममध्ये, २०-१३. आणि ती जिंकल्यावर लोक असे मैदानात घुसले की बघणाऱ्याला वाटावं चॅम्पियनशिपच मिळाली. त्या टीममध्ये जी पोरं होती त्यांच्याबद्दल मला बोलायचंय.

आधी एक गोष्ट मोकळेपणानं सांगतो. डिऑन सँडर्सना आणलंत तेव्हा मी खूष होतो. आधीचे कोच कार्ल डॉरेल यांना पाच मॅच हरल्यावर काढलंत, त्यांना काढायलाच सत्त्याऐंशी लाख डॉलर लागले, आणि मग पाच वर्षांचं दोन कोटी पंच्याण्णव लाख डॉलरचं कॉन्ट्रॅक्ट देऊन जॅक्सन स्टेटवरून कोच प्राइमना, म्हणजे सँडर्सनाच, घेऊन आलात. जॉर्ज साहेब, तेव्हा तुम्ही स्वतःच बोललात की पैसे अजून हातात नाहीत पण येतील. धाडस होतं, आणि आले की पैसे! होमच्या सहाच्या सहा मॅच हाऊसफुल्ल, असं आधी कधीच झालं नव्हतं. बोल्डर म्हणजे जवळजवळ सगळं गोऱ्यांचं गाव, तिथं लांबलांबून काळी कुटुंबं पोराबाळांना घेऊन आली, आज्या-आजोबा आले, आणि तो स्टेडियम पहिल्यांदा खऱ्या अर्थानं भरल्यासारखा वाटला. हे श्रेय कोच सँडर्सचं आहे आणि ते कुणी काढून घेऊ नये. मी तर अजिबात घेणार नाही.

सप्टेंबर तर काय विचारूच नका. दोन तारखेला टेक्सासमध्ये जाऊन टीसीयूला (टेक्सास ख्रिश्चन युनिव्हर्सिटीला) ४५-४२ नं हरवलं, जी टीम आदल्या वर्षी नॅशनल फायनल खेळली होती. शेड्यूर सँडर्सनं, म्हणजे कोचच्याच पोरानं, ५१० यार्ड फेकले, शाळेचा रेकॉर्ड. ट्रॅव्हिस हंटर अटॅकमध्येपण आणि डिफेन्समध्येपण, टेक्सासच्या त्या उन्हात शंभरच्या वर प्ले, म्हणजे डाव, खेळला. (इथं कॉलेजला पण 'शाळा'च म्हणतात, आता मलापण सवय झाली.) मग घरी नेब्रास्काला ३६-१४. मग कोलोराडो स्टेटविरुद्ध ती रात्र, दोन ओव्हरटाइम, ४३-३५, मध्यरात्र उलटून गेलेली, टीव्हीवर ९३ लाख लोक बघत होते. रँकिंगमध्ये अठराव्या नंबरपर्यंत गेलो होतो.

त्या कोलोराडो स्टेटच्या मॅचचा शेवट लक्षात ठेवा, त्यावर परत येतो.

मग ओरेगॉनला गेलो आणि ४२-६. मॅचच्या आधी त्यांच्या कोच डॅन लॅनिंगनं आपल्या पोरांना सांगितलं की ते क्लिकसाठी खेळतात, आपण जिंकण्यासाठी खेळतो. एक कोटीवर लोकांनी ती मॅच बघितली. माझ्या मनाला ते लागलं, कारण पूर्ण खोटं नव्हतं ना राव. यूएससीशी ४८-४१ हरलो पण लढलो. ऍरिझोना स्टेटला शेवटच्या क्षणी २७-२४ हरवलं. आणि मग तेरा ऑक्टोबरची शुक्रवारची रात्र, स्टॅनफर्ड. हाफटाइमला आपण २९-० नं पुढं. गावाकडं शनिवारची सकाळ, भावाचा मेसेज आला 'झालं की, जिंकलात'. दुसऱ्या हाफमध्ये त्यांच्या एलिक आयोमानोरनं एकट्यानं जी फाडाफाडी केली, मॅचमध्ये २९४ यार्ड त्याचे, आणि डबल ओव्हरटाइमला ४६-४३ नं आपण घरात हरलो. तिथनं पुढं एकसुद्धा जिंकलो नाही. यूसीएलए, ओरेगॉन स्टेट, ऍरिझोना, वॉशिंग्टन स्टेट, यूटा. सीझन संपला चार जिंकून आठ हरून.

आणि ज्या चार टीम हरवल्या, टीसीयू, नेब्रास्का, कोलोराडो स्टेट, ऍरिझोना स्टेट, त्यातल्या एकीलाही सहा मॅच जिंकता आल्या नाहीत. बोल गेमला, म्हणजे सीझननंतरच्या मानाच्या मॅचला, लागतात तेवढ्यापण नाहीत. हे सप्टेंबरमध्ये कुणालाच माहिती नव्हतं, तर ठीक आहे, पण आता माहिती आहे तर आता तरी 'क्रांती झाली' वगैरे थांबवूया.

पण हरण्याबद्दल मी पत्र लिहीत बसलो नसतो. बिल मॅकार्टनी नावाचे कोच याच शाळेत १९८२ ला आले, तिसऱ्या वर्षी, १९८४ ला, एक जिंकली आणि दहा हरले. त्या सीझनमध्ये त्यांना काढायच्या ऐवजी तेव्हाच्या डायरेक्टरनं त्यांचं कॉन्ट्रॅक्ट वाढवलं. १९९० ला त्यांनीच या शाळेला नॅशनल चॅम्पियन केलं. तेव्हा चार-आठवरून कोच सँडर्सना काढा असं मी बोलतच नाही, उलट त्यांना वेळ द्या. आठातल्या पाच मॅच सात पॉइंट किंवा त्याहून कमी फरकानं गेल्यात, टीम अगदीच टाकाऊ नव्हती. माझं म्हणणं वेगळं आहे आणि ते आता एकेक करून सांगतो.

पहिलं आणि सगळ्यात मोठं, जुनी पोरं.

गेल्या डिसेंबरमध्ये कोच पहिल्यांदा टीमला भेटले. कॅमेरा चालू. समोर अकरा मॅच हरलेली, आपला कोच गमावलेली अठरा-एकोणीस-वीस वर्षांची पोरं बसलेली. आणि त्यांना सांगितलं गेलं की मी माझं सामान सोबत घेऊन येतोय आणि ते लुई (लुई व्हिटॉन, महागडा ब्रँड) आहे, म्हणजे माझे भारी खेळाडू आणतोय, तुम्ही पोर्टलमध्ये उड्या मारायला लागा. तो व्हिडिओ यूट्यूबवर टाकला गेला. सगळ्या जगानं बघितला आणि टाळ्या वाजवल्या. त्या पोरांच्या आयांनी पण बघितला असेल.

मग एप्रिलला बर्फात स्प्रिंग गेम झाली, सत्तेचाळीस हजार लोक, तिकीट काढून सराव मॅच बघायला, ईएसपीएनवर लाईव्ह. आणि त्याच्या दोनचार दिवसांत पोरांची रांग लागली पोर्टलमध्ये. काही स्वतःहून गेली, ते मान्य आहे. मॉन्टाना लेमोनियस-क्रेगनं त्याच स्प्रिंग गेममध्ये ९८ यार्डांचा टचडाऊन घेतला होता (म्हणजे बॉल समोरच्यांच्या टोकाच्या पट्ट्यात, एंडझोनमध्ये, नेला होता), त्याला कोण कशाला काढेल, तो आपल्या मनानं ऍरिझोनाला गेला (आणि नोव्हेंबरमध्ये ऍरिझोनानं आपल्याला तीन पॉइंटनं हरवलं, असो). पण बाकीची? सीझन सुरू होईपर्यंत २०२२ च्या स्कॉलरशिपवाल्या टीममधली जेमतेम दहाएक पोरं राहिली होती आणि ऐंशीच्या वर चेहरे नवीन. त्यातले किती गेले आणि किती घालवले, याचा हिशोब तुम्ही आजपर्यंत दिलेला नाही.

नियम मला माहिती आहे, तो सांगू नका. नवीन कोच आला की त्याला जुन्या पोराला टीममधनं बाजूला करता येतं, त्याची स्कॉलरशिप चालू ठेवायची, ती टीममागच्या पंच्याऐंशी स्कॉलरशिपच्या कोट्यात (हा २०२३ चा नियम) धरत नाहीत. म्हणजे पोरगं कागदावर म्हणू शकतं की मी इथंच शिकतो, खेळत नाही. पण मला सांगा, ज्या पोरानं सातवी-आठवीपासनं फक्त खेळायचं स्वप्न बघितलं, ते पोरगं टीमच्या बाहेर बसून कॅम्पसवर फिरणार आहे का? ते जाणारच. जिथं मिळेल तिथं, छोट्या कॉलेजात, दोन हजार मैलांवर, आणि तिथं गेल्यावर इकडचे किती क्रेडिट तिकडं धरले जातात ते नशीब. ज्यांना कुणीच घेतलं नाही ती पोरं कुठं आहेत? तुम्हाला तरी माहिती आहे का?

आमच्या कोल्हापुरात पण बाहेरची पोरं आणतात. पाटाकडील घ्या, दिलबहार घ्या, प्रॅक्टिस क्लब, शिवाजी तरुण मंडळ, आफ्रिकेतनं खेळाडू येऊन खेळून जातात, त्यांच्यावर पब्लिक जीव टाकतं, कुणाची काही तक्रार नाही. पण टीममध्ये पेठेतली पोरं असतातच. उद्या कुणी नवीन माणूस येऊन म्हणाला की तालमीतली सगळी पोरं काढा, मी माझी आणतो, तर त्याला स्टेडियमपर्यंत पोचू दिलं नसतं. कारण जिंकलं तर कोण जिंकलं म्हणायचं मग? बोल्डरला तालीम नाही, पेठ नाही, मान्य. पण युनिव्हर्सिटी तर आहे ना. पोरांनी ऍडमिशन घेतली, वर्गात बसली, हरताना त्या जर्सीत मार खाल्ला. एवढं तरी नातं होतंच.

आता त्या कोलोराडो स्टेटच्या मॅचवर परत येतो. दुसरा ओव्हरटाइम, समोरच्यांना टचडाऊन पाहिजे, एंडझोनमध्ये बॉल आला आणि तो पकडून मॅच संपवली कुणी? ट्रेव्हर वुड्सनं. हा ट्रेव्हर वुड्स जुन्या दहातला. अकरा मॅच हरलेल्या टीममधला. टीसीयूविरुद्ध पण त्यानं एक बॉल पकडला होता. सामान लुई नव्हतं त्याचं. मला प्रामाणिकपणे वाटतं की गेलेल्यांत अजून दोनतीन वुड्स तरी असतील, आणि सीझनभरात पाच मॅच सात पॉइंटांच्या आत हरताना ते कामाला आले असते. पण समजा नसते आले, सगळेच कच्चे होते असं धरून चाला, तरी ज्या पद्धतीनं त्यांना घालवलं ती पद्धत बरोबर होत नाही. पिट्सबर्गचे कोच पॅट नारडुझी उघड बोलले की हे असं करायचं नसतं, तर त्यांच्यावरच लोक तुटून पडले. तुमच्याकडनं एक शब्द नाही.

दुसरं, लाईन. ज्यांना हा खेळ माहिती नाही त्यांच्यासाठी सांगतो, क्वार्टरबॅक बॉल फेकतो आणि त्याच्यासमोर पाच दांडगी पोरं उभी असतात, बॉलला हातपण न लावता फक्त त्याला वाचवायला. ती कमी पडली की समोरचे येऊन क्वार्टरबॅकला आडवा करतात, त्याला सॅक म्हणतात. शेड्यूर या सीझनला ५२ वेळा आडवा झाला. बावन्न! यूसीएलएनं एकाच मॅचमध्ये सातवेळा पाडलं. आणि बॉल घेऊन पळण्यात आपण देशात सगळ्यात खाली, मॅचमागे सत्तर यार्डपण नाहीत. मग वॉशिंग्टन स्टेटमध्ये ५६-१४ नं हरताना शेड्यूर जखमी होऊन बाहेर गेला, शेवटच्या यूटाच्या मॅचला खेळलाच नाही. तिथं रायन स्टॉब नावाच्या पहिल्या वर्षाच्या पोरानं टीम सांभाळली आणि फक्त सहा पॉइंटनं हरलो, त्याचं कौतुक कुणी केल्याचं मला तरी ऐकायला आलं नाही.

लाईन कमी पडली हे मलापण दिसतंय, डोळे आहेत. पण यूसीएलएनंतर प्रेस कॉन्फरन्समध्ये कोच म्हणाले की मोठं चित्र म्हणजे नवीन लाईनमन आणायचे, आणि ते चित्र मी व्यवस्थित रंगवणार. म्हणजे अजून चार मॅच बाकी असताना, त्याच पोरांनी पुढच्या शनिवारी त्यांच्याच पोरासमोर उभं राहायचंय, आणि त्यांना टीव्हीवर सांगितलं की तुमचं झालं. बरं ही पोरं सगळी जुनी होती का? दोन जुनी. बाकीची तुम्हीच पोर्टलमधनं आणलेली. म्हणजे एप्रिलमध्ये जुनं काढून जे नवीन आणलं तेच ऑक्टोबरमध्ये जुनं झालं, आता परत नवीन. हे कुठं थांबणार?

लाईन ही पोर्टलमधनं दरवर्षी उचलून आणायची गोष्ट नाही हे कुठलाही जुना कोच सांगेल. पाचजण एकमेकांच्या बाजूला तीन-तीन वर्षं उभे राहिले की मग त्यांना न बोलता कळतं कोण कुठं सरकणार. हायस्कूलमधनं पोरं घ्या, एक वर्ष नुसतं खायला घाला आणि शिकवा, तिसऱ्या वर्षी बघा. मॅकार्टनींनी एकदम एका उन्हाळ्यात टीम उभी नव्हती केली.

तिसरं थोडक्यात. शॉन लुईस केंट स्टेटची हेडकोचची खुर्ची सोडून इथं अटॅक चालवायला आले. सप्टेंबरमध्ये ज्या खेळावर देश फिदा झाला तो त्यांचा होता. ओरेगॉन स्टेटच्या मॅचच्या आधी त्यांच्याकडनं प्ले ठरवायचं काम काढून पॅट शर्मर यांना दिलं. धड कारण सांगितलं नाही. त्यानंतर चार मॅच हरलो, ते आधीपण हरतच होतो म्हणा, पण पॉइंट अजून कमी झाले. लुईस आता सॅन डिएगो स्टेटला हेडकोच म्हणून गेले. जी माणसं भरवसा ठेवून चांगली नोकरी सोडून येतात त्यांच्याशी असं वागलं तर पुढचा चांगला माणूस येताना दहादा विचार करेल, हे सांगायला मी कशाला पाहिजे.

चौथं, कॅमेरा. लॉकररूममध्ये कॅमेरा, मीटिंगमध्ये कॅमेरा, बसमध्ये कॅमेरा. सिनेमावाले रॉक आले, रॅपर लिल वेन आले, मजा आली, मी पण फोटो काढले. जाहिरात झाली पाहिजे, पोरांना पण नावाचे चार पैसे मिळतात, त्याला विरोध नाही. विरोध एवढ्यालाच आहे की कुणाला काढताना, कुणाला झापताना, कुणी रडत असताना कॅमेरा चालू नको. तो माणसाचा खासगी वेळ आहे, अठरा वर्षांच्या पोराचा तर जास्तच.

आणि एक जाताजाता, पॅक-१२ बद्दल, म्हणजे आपण ज्या कॉन्फरन्समध्ये (कॉलेज टीमच्या गटात) खेळतो तिच्याबद्दल. जुलैमध्ये तुम्ही रीजंट मंडळींनी बिग-१२ या दुसऱ्या कॉन्फरन्सला परत जायचं मत दिलंत, आठवड्याभरात ती शंभर वर्षांची कॉन्फरन्स कोसळली, आणि मागं राहिल्या फक्त दोन टीम, ओरेगॉन स्टेट आणि वॉशिंग्टन स्टेट. नोव्हेंबरमध्ये त्या दोघींनी आपल्याला हरवलं. मला वाईट वाटायला पाहिजे होतं पण खरं सांगू का, वॉशिंग्टन स्टेटच्या वेळी थोडं बरंच वाटलं.

आता एक चांगली गोष्ट पण सांगतो म्हणजे एकतर्फी होणार नाही. कोलोराडो स्टेटच्या हेन्री ब्लॅकबर्ननं ट्रॅव्हिस हंटरला उशिरा धडक दिली, हंटरच्या लिव्हरला मार लागला, तीन मॅच बाहेर. आपल्यातल्याच काही हलकट लोकांनी ब्लॅकबर्नला जिवे मारायच्या धमक्या दिल्या. तेव्हा कोच सँडर्स समोर येऊन स्पष्ट बोलले की तो चांगला खेळाडू आहे, त्याला धमक्या देणं चूक आहे. हंटरनं त्याला माफ केलं, दोघं मिळून बोलिंग खेळायला गेले. म्हणजे या माणसाला समोरच्या टीमच्या पोराची काळजी कळते. तीच काळजी स्वतःच्या टीममधल्या जाणाऱ्या पोरांना मिळावी, जास्त काय मागतोय मी?

तर मागण्या अशा आहेत.

एक. डिसेंबर २०२२ पासून जेवढी स्कॉलरशिपवाली पोरं टीममधनं गेली, त्यांची आकडेवारी जाहीर करा. नावं नकोत. किती स्वतःहून गेली, कितीजणांना जायला सांगितलं, कितीजणांना 'राहून शिकू शकतोस' हे लेखी दिलं, आणि कितीजण राहिले, एवढंच.

दोन. त्यातल्या ज्याला कुणाला पुढंमागं बोल्डरला परत येऊन डिग्री पूर्ण करायची असेल त्याची फी युनिव्हर्सिटी भरेल, वयाची, वर्षांची अट न घालता. पहिला कोच घालवायला सत्त्याऐंशी लाख निघाले होते, ह्याला तेवढे लागणार नाहीत.

तीन. चार डिसेंबरपासनं कुठल्याही पोराला टीममधनं कमी करायचं असेल तर ते बंद खोलीत, कॅमेऱ्याशिवाय, त्याच्या अकॅडमिक ऍडव्हायझरला सोबत बसवून सांगायचं. घरच्यांना फोनवर घ्यायचं असेल तर घेऊ द्या. आणि कोचनं स्वतः सांगायचं, असिस्टंटला पाठवायचं नाही.

चार. सीझन चालू असताना कुठल्याही खेळाडूची जागा जाणार असं प्रेस कॉन्फरन्समध्ये बोलायचं नाही. हे कॉन्ट्रॅक्टमध्ये घालता येत नसेल तर निदान जॉर्ज साहेब तुम्ही समोर बसवून सांगा, तुमचं ते ऐकतात असं सगळे म्हणतात.

पाच. दरवर्षीच्या भरतीत हायस्कूलमधनं येणाऱ्या लाईनमनसाठी ठराविक जागा राखून ठेवा आणि त्या पोर्टलमधनं भरू नका.

सहा. शेड्यूर आणि हंटर, किंवा कुणीही, दुखापतीनंतर खेळणार की नाही हे फक्त डॉक्टर ठरवतात आणि त्यात कोचचा शब्द चालत नाही, हे तुमच्या सहीनं एकदा जाहीर करा. क्वार्टरबॅकचा बापच कोच आहे म्हणून हे मुद्दाम मागतोय. बापावर संशय नाही, पण निर्णय बापाच्या अंगावर टाकूच नका ना.

सात. रीजंट मंडळींनी या विषयावर पुढच्या जाहीर मीटिंगमध्ये पब्लिकला बोलायला वेळ द्यावा. मी सुट्टी काढून येईन, इंग्रजीत बोलीन, आणि दिलेल्या वेळेत संपवीन.

उत्तराची वाट बघतोय. पोर्टल उघडायच्या आधी तिसऱ्या मागणीचं तरी आलं तर बरं होईल, बाकीच्यांना थोडा वेळ लागेल हे समजतं.

आपला,
बोल्डरचा एक जुना विद्यार्थी, मूळ गाव कोल्हापूर